तिसरा थेंब

पाडेली माडावरून उतरला, पायातली दोरी सोडली आणि कोयता कमरेला अडकवून मागच्या अंगणातल्या दोन माडांकडे आळीपाळीने बघत उभा राहिला. खाली नारळांचा ढीग पडला होता, आई ओसरीवरून चहाचा कप घेऊन येत होती, आणि तोडलेल्या चुडतांचा, म्हणजे झावळ्यांचा, तो ओला, किंचित आंबूस वास अंगणभर होता. मला वाटलं हिशेबाचं काही बोलेल. तो म्हणाला, "बाय, हे दोनूय एकाच माडाचे न्हय? मागीर हो दाव्यान घुंवता आनी तो उजव्यान. कोण सांगता तांकां?" मी काही उत्तर द्यायच्या आत त्याने चहा संपवला, पैसे घेतले आणि तो शेजारच्या भाटात, म्हणजे माडांच्या बागेत, निघून गेला. प्रश्न मात्र अंगणातच राहिला: दोघे एकाच माडाचे, मग एक डावीकडे फिरतो आणि दुसरा उजवीकडे, हे त्यांना कोण सांगतं?

ते दोन माड बाबांनी लावलेले. घरामागच्या जुन्या, उंच माडाचे नारळ त्यांनी न्हाणीजवळ रुजत घातले, त्यातले दोन कवाथे, म्हणजे रोपं, निवडले आणि हातभर खड्ड्यात मीठ, राख, शेण घालून उभे केले. आज ते दोन्ही घराच्या कौलांच्या वर गेले आहेत. पाडेली गेल्यावर मी खाली उभी राहून मान दुखेपर्यंत वर पाहिलं. आधी नुसता हिरवा गोंधळ दिसतो. मग डोळा सरावतो आणि चुडतांच्या देठांची रांग दिसायला लागते, एक खालचं, त्याच्या थोडं वर आणि थोडं बाजूला दुसरं, त्याच्या वर तिसरं, तिरक्या जिन्यासारखी. गळून गेलेल्या चुडतांचे वण खोडावर असतात, त्यांच्यातही तोच तिरपा कल आहे. एका माडाचा जिना डावीकडे चढतो, दुसऱ्याचा उजवीकडे. आरशात धरावा तसा एक दुसऱ्याचा उलटा.

माड एका वेळी एकच पान काढतो, साधारण महिन्याला एक. नवं पान आधीच्या पानाच्या अगदी समोर येत नाही, शेजारीही येत नाही; मध्ये जवळपास १३७.५ अंशांचं अंतर सोडून येतं. माडात हा कोन थोडा इकडेतिकडे होतो, पण फिरतो तो याच्याच आसपास. हा आकडा कागदावर घेऊन बसलं की वेळ कसा जातो कळत नाही. पाच पानं पुढे गेलं की ६८७.५ अंश होतात, म्हणजे दोन पूर्ण फेऱ्यांना ३२.५ अंश कमी. म्हणून सहावं पान पहिल्याच्या डोक्यावर यायला निघतं आणि थोडक्यात चुकतं, आणि त्या चुकण्यातूनच खोडावरच्या त्या पाच तिरक्या रांगा तयार होतात. आठ पानं पुढे गेलं तर तीन फेऱ्यांच्या वर २० अंश उरतात. तेरा पानांनी पाच फेऱ्यांना १२.५ अंश कमी पडतात. एकवीस पानांनी आठ फेऱ्यांच्या वर ७.५. कधी अलीकडे, कधी पलीकडे, आणि दर वेळी आणखी जवळ. ३२.५ मधून २० गेले की १२.५, २० मधून १२.५ गेले की ७.५. पान कधीच पहिल्याच्या नेमकं वर येत नाही, त्यामुळे वरच्याची सावली खालच्यावर कमीत कमी पडते. मी उच्च माध्यमिकला गणित शिकवते, पण ही वजाबाकी मला आजवर कुठल्याही पाठ्यपुस्तकातल्या उदाहरणापेक्षा जास्त आवडली आहे.

५, ८, १३, २१, दर वेळी आधीच्या दोघांची बेरीज, ही फिबोनाची माळ म्हटली की पुढचं सगळ्यांना पाठ आहे. सावईवेऱ्याच्या अननसावरच्या डोळ्यांच्या ८ आणि १३ रांगा, सूर्यफुलातली वळणं, पिसाच्या लिओनार्दोने, म्हणजेच फिबोनाचीने, १२०२ मध्ये मांडलेलं सशांचं कोडं, आणि त्याच्या आधी, ११५० च्या सुमारास, मात्रावृत्तात लघु-गुरू किती तऱ्हांनी बसतात हे मोजताना हेमचंद्रांना मिळालेली तीच संख्यामाला. आमच्या नातेवाइकांच्या ग्रुपवर दर चतुर्थीला कुणीतरी याचा व्हिडिओ टाकतं. मागे संथ बासरी, शिंपल्यावर सोनेरी रेघ, आणि मग ठरलेलं वाक्य: विश्व कुणीतरी मोजून बनवलंय. मला त्या वाक्याचा राग येत नाही, पण त्या सोनेरी रेघेने जीव कासावीस होतो. नॉटिलसच्या शिंपल्यावर ती बसत नाही. सोनेरी म्हणतात ते वळण दर फेऱ्याला जवळजवळ पावणेसात पट मोठं होतं, नॉटिलस साधारण तिप्पट. त्याचं वळण सुंदरच आहे, आणि ते त्याचं स्वतःचं आहे. ते दुसऱ्याच्या मापात कोंबायचं कशाला?

सूर्यफुलंही सगळी ऐकत नाहीत. इंग्लंडमध्ये लोकांनी आपापल्या परसात वाढवलेली ६५७ सूर्यफुलं मोजून केलेला एक अभ्यास २०१६ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यातल्या सगळ्यात भरवशाच्या नोंदींमध्ये वळणांच्या ७६८ संख्या होत्या. त्यांपैकी ५६५ या माळेतल्या निघाल्या. म्हणजे बहुतेक. उरलेल्यांत काही एका आकड्याने हुकलेल्या, काही फुलं अशी की त्यांच्या रांगा नेमक्या मोजताच येत नव्हत्या. मला हे वाचून हायसं वाटलं. जिवंत गोष्ट मोजली की ती अशीच यायला हवी, भरघोस आणि कडेला थोडी विस्कटलेली.

आमच्या परसातच बघायचं तर नागपंचमीच्या सकाळी पातोळ्यांसाठी हळदीची पानं काढायला जावं. पावसाची भुरभुर, पायाखाली चिखल, आणि पान खुडल्याबरोबर हाताला लागणारा तो उग्र गोड वास, जो दिवसभर बोटांवर राहतो. हळद १३७ च्या वाटेला जात नाही. तिची पानं दोनच रांगांत, एक इकडे, एक तिकडे, हात जोडून उघडावेत तशी. आबोलीच्या कणसात फुलं चार ओळींनी उमलतात. आणि हळदीच्या वाफ्याच्या पलीकडे, व्हाळाच्या काठाला, पावसाळ्यात पेव उगवतं, पांढऱ्या फुलांचं आणि लाल बोंडाचं. त्याची पानं एकाच रांगेत खोडाभोवती गोल चढत जातात. दोन पानांमधलं अंतर १३७ च्या निम्म्याहूनही कमी. हळद आणि पेव एकमेकांचे लांबचे नातलग. वाढतात एकाच मातीत, एकाच पावसात, एकाच आंब्याच्या सावलीत. एकाने दोन रांगा धरल्या, दुसऱ्याने जिना.

मग हे ठरतं कुठे?

झाडाच्या शेंड्याच्या अगदी टोकाला, सुईच्या अग्राएवढ्या जागेत, नव्या पानाचा पहिला फुगवटा येतो. १८६८ साली विल्हेल्म होफमाइस्टर या जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञाने एक साधी गोष्ट लिहून ठेवली: नवा फुगवटा तिथे येतो, जिथे आधीच्या फुगवट्यांनी सगळ्यात मोठी मोकळी जागा सोडलेली असते. यामागचं रसायन कळायला पुढचं शतक उलटावं लागलं. २००३ मध्ये स्वित्झर्लंडमधल्या संशोधकांनी दाखवलं की वाढीला लावणारं ऑक्सिन हे द्रव्य कोवळी पानं आपल्याकडे ओढून घेतात. त्यांच्या शेजारी त्याचा दुष्काळ पडतो, आणि जिथे ते पुन्हा साचतं तिथे पुढचं पान उगवतं. कुणी कोन मोजत नाही. १३७.५ हा आकडा झाडात कुठेही लिहून ठेवलेला नाही. प्रत्येक पान फक्त शेजाऱ्यापासून दूर सरतं.

त्याआधी, १९९२ मध्ये, पॅरिसमध्ये स्तेफान दुआदी आणि इव्ह कुदेर यांनी हे झाडाशिवायच करून दाखवलं होतं. तेलाने भरलेली एक उथळ तबकडी, भोवती चुंबकीय क्षेत्र, आणि मध्यभागी ठरावीक वेळाने पडणारा लोहद्रवाचा एकेक थेंब. चुंबकीय क्षेत्रात थेंब एकमेकांना ढकलतात आणि हळूहळू कडेकडे सरकतात. थेंब सावकाश पडले तर पहिला एका बाजूला जातो, दुसरा बरोबर समोर, तिसरा पुन्हा पहिल्याच्या दिशेने. हळदीची दोन रांगांची पानं तबकडीत उमटतात. थेंब जरा घाईने पडू लागले की गोष्ट बदलते. तिसरा थेंब येतो तेव्हा पहिला अजून पुरेसा लांब गेलेला नसतो. समोर दुसरा, मागे पहिला. त्याला सरळ जाता येत नाही, बाजूला सरावंच लागतं. एकदा तो सरला की चौथ्याला त्याचं भान ठेवून सरावं लागतं, पाचव्याला चौथ्याचं, आणि बघता बघता तबकडीत सूर्यफूल उमलतं, कोन सरकत सरकत १३७.५ कडे येतो.

आणि डावीकडे की उजवीकडे, हे त्या तिसऱ्या थेंबापाशी ठरतं.

दोन्ही बाजू सारख्याच मोकळ्या असतात. डावीकडे सरायला काही कारण नाही, उजवीकडे सरायलाही नाही. एखादा कंप, तेलातली अगदी बारीक हालचाल, थेंब पडताना केसभर सरकलेली जागा, एवढ्याने तो एका बाजूला जातो. ज्याने ढकललं ते पुन्हा सापडत नाही, पण त्यानंतरचा प्रत्येक थेंब त्या वळणाने जातो. माडाचंही असंच असेल, तर बाबांनी रुजत घातलेल्या त्या दोन नारळांत, सोडणाच्या आत, अंधारात, कोंब बाहेर दिसायच्या आधीच, केव्हातरी तो क्षण येऊन गेला असणार.

माडाच्या बाबतीत हा प्रश्न एका भारतीय शास्त्रज्ञाने फार प्रेमाने आणि फार चिकाटीने विचारला आहे. कोलकात्याच्या इंडियन स्टॅटिस्टिकल इन्स्टिट्यूटमधल्या टी. ए. डेव्हिस यांनी १९६० च्या दशकात बागाच्या बागा फिरून डावे आणि उजवे माड मोजले. दोन्ही प्रकार जवळपास निम्मे-निम्मे भरले. मग त्यांनी डाव्याचा डाव्याशी, उजव्याचा उजव्याशी, डाव्याचा उजव्याशी संकर करून रोपं पाहिली. कुठल्याही जोडीतून पुन्हा निम्मी डावी, निम्मी उजवी. आईबापांकडून हे वळण उतरतच नाही. त्यांनी अभ्यासलेल्या बागांत डाव्या माडांना उजव्यांपेक्षा थोडे जास्त नारळ धरतात असंही त्यांना आढळलं. आमच्या अंगणात उजवा माड जास्त देतो, कारण न्हाणीचं पाणी त्याच्या मुळाशी जातं. डाव्याच्या वाट्याला फक्त पाऊस. आकडेवारी बागेची असते, माडाला त्याची जागा असते. तरी डेव्हिस यांचं काम वाचताना मला एक गोष्ट फार भावली. ज्या झाडाखाली सगळा किनारा उभा-आडवा जगतो, ज्याच्या चुडताची वाडवण, काथ्याची दोरी, करवंटीचा डाव आणि शहाळ्याचं पाणी, त्याच्याकडे कुणीतरी नुसतं वर बघत राहण्यासाठी पाहिलं.

गोव्यात बसून निसर्गातल्या आकड्यांचा विचार करताना दामोदर धर्मानंद कोसंबींना टाळून पुढे जाताच येत नाही. साखवाळच्या धर्मानंदांचा हा मुलगा १९०७ मध्ये गोव्यात जन्मला, आणि आपण त्यांना इतिहासासाठी जास्त ओळखतो. पण १९४४ साली या गणितज्ञाने जनुकशास्त्रात चार पानांचा एक निबंध लिहिला, आणि त्यातलं सूत्र जगभरचे वनस्पती-पैदासकार आजही वापरतात. गुणसूत्रांच्या जोडीत तुकड्यांची अदलाबदल होते. ती एका जागी झाली की अगदी शेजारी दुसरी होण्याची शक्यता घटते. जसजसं लांब जावं तसतशी ती पुन्हा वाढते. शेजाऱ्याने शेजाऱ्याला अडवण्याची ही रीत हिशेबात धरून दोन जनुकांमधलं अंतर कसं काढायचं, ते कोसंबींनी सांगितलं. पहिल्यांदा ते समजलं तेव्हा मी पुस्तक मिटून बसले. शेंड्यावरचं पान, तबकडीतला थेंब, पेशीतलं गुणसूत्र. मापं वेगळी, द्रव्यं वेगळी, आणि तिन्हीकडे जवळच्याला थोडी जागा सोडण्यातून रचना उभी राहते. हे साम्य ओढूनताणून फार लांब नेऊ नये, हे मला कळतं. पण ते साम्य आहे, आणि ते मला व्हिडिओतल्या सोनेरी रेघेपेक्षा कितीतरी खरं वाटतं.

पाडेलीचा प्रश्न मी आईला सांगितला तेव्हा ती देवघरात शंख पुसत होती. तिला तो आधीच ठाऊक असावा तशी ती म्हणाली, "आणि हा? हा पण दोन्हीकडे वळतो का?" मी सांगितलं, नाही, जगातले नव्वद टक्क्यांहून जास्त शंख एकाच बाजूला वळतात. उलट वळणाचा सापडला तर त्याला आपण दक्षिणावर्ती म्हणून लक्ष्मी मानतो. (बाजारात त्या नावाने पुष्कळदा अमेरिकेच्या मेक्सिको आखातातला एक वेगळाच शंख विकला जातो. त्याच्या जातीत ते वळण रोजचंच आहे.) आणि गोगलगायींत वळण कसं ठरतं तेही तिला सांगितलं. १९२३ मध्ये आल्फ्रेड स्टर्टेव्हंट यांनी तळ्यातल्या गोगलगायींच्या नोंदी पाहून ओळखलं होतं की पिल्लू कुठे वळणार हे त्याच्या स्वतःच्या जनुकांवर नाही, आईच्या जनुकांवर ठरतं. अंड्यातल्या चार पेशींच्या आठ होतात तेव्हाच वळण दिसू लागतं. आईने शंख फिरवून बघितला, पाटावर ठेवला, शेजारी कलशावरचा नारळ होताच. म्हणाली, "म्हणजे याला आईचं ऐकावं लागतं, आणि माडाला नाही."

देवघरात रोज शेजारी-शेजारी असणाऱ्या या दोन वस्तूंत एवढा फरक आहे, हे तिने एका वाक्यात मांडलं आणि ती फुलं वाहायला लागली. मी मात्र तिथेच अडकले. बाबा गेले तेव्हा घरी आलेल्या कितीतरी जणांनी सांगितलं होतं, सगळं ठरलेलं असतं. ते प्रेमाने म्हणत होते. मला ते वाक्य तेव्हा सहन झालं नाही, आणि त्याच्या उलट वाक्यही, सगळं नुसतं योगायोगाचं, तितकंच असह्य वाटलं. निसर्गातल्या आकड्यांकडे मी वळले त्यात थोडा हाही शोध होता, हे नाकारत नाही. कुठेतरी मोजून ठेवलेलं काही असावं आणि त्यावर डोकं टेकावं. माडाने यातलं काहीच दिलं नाही. दोन्ही माडांत १३७.५ च्या आसपासचा कोन तितकाच पक्का आहे, त्याला कुणाचा अपवाद नको की आधार नको. आणि तो कोन कुठल्या बाजूने मोजायचा, एवढं एकच नियमाने मोकळं सोडलंय. त्या मोकळ्या जागेत एकदाच, अगदी सुरुवातीला, काहीतरी घडतं, आणि मग पुढची साठ-सत्तर वर्षं झाड त्याच्याशी प्रामाणिक राहतं. यात सांत्वन आहे की नाही, हे मला रोज वेगळं वाटतं. काही सकाळी त्या दोन माडांखालून जाताना फार हलकं वाटतं. काही सकाळी वाटतं, एवढ्या नकळत धक्क्यावर इतकं काही उभं राहावं, हे भयंकर आहे.

आता मी चुन्याचा डबा घेऊन भाटातले माड बघत हिंडते. डावा असेल त्याच्यावर 'डा', उजवा असेल त्याच्यावर 'उ', आणि वहीत त्याची जागा. विहिरीजवळचे झाले, गोठ्यामागचे झाले. व्हाळाकडचे काही वाकलेले आहेत, काहींच्या खोडावर इतकं शेवाळ आहे की वण दिसत नाहीत. ते पाऊस ओसरल्यावर. संख्या निम्मी-निम्मीच यावी असा माझा हट्ट नाही, भाट लहान आहे आणि लहान भाटात काहीही येऊ शकतं. वहीत एक रकाना मात्र आईने सांगून वाढवून घेतला आहे. कुठला माड कुणी लावला, हे तिला अजून बऱ्याच माडांचं आठवतं: हा सासऱ्यांचा, हा धाकट्या दिरांनी मुंबईला जायच्या आधी लावलेला, हा आपोआप उगवलेला. ती सांगते, मी वळणाच्या पुढे नाव लिहिते.